साक्षीला उभं राहायचंय, पण तोवर आठवेल का?

प्रश्न थोडक्यात असा: रात्री मोटरसायकलवरून दोघे आले आणि रस्त्याने चाललेल्या एका बाईंच्या गळ्यातलं मंगळसूत्र हिसकावून पळाले. विचारणाऱ्यांनी ते समोरच्या फुटपाथवरून पाहिलं. उद्या पोलीस ठाण्यात जबाबाला बोलावलंय. खटला बोर्डावर येईपर्यंत तीन-चार वर्षं सहज जातील. तोवर हे सगळं लक्षात कसं ठेवायचं, आणि उलटतपासात काही चुकलं तर काय होतं?

लक्षात ठेवायच्या भानगडीत पडूच नका. ‘माझ्या अगदी डोळ्यांसमोर आहे’ या भरवशावर पिंजऱ्यात उभा राहणारा साक्षीदार प्रामाणिक असूनही गोत्यात येतो. आज रात्रीच लिहून काढा. जबाबाच्या आधी, आणि घरच्यांना सगळी हकिकत सांगत बसण्याच्याही आधी.

घाई कशासाठी? विसरण्याचं पहिलं पद्धतशीर मोजमाप हर्मन एबिंगहाउस या जर्मन संशोधकाने १८८५ मध्ये प्रसिद्ध केलं. निरर्थक अक्षरांच्या याद्या पाठ करायच्या आणि काही काळाने त्याच पुन्हा पाठ करताना किती श्रम वाचतात ते मोजायचं, अशी त्याची रीत. वीस मिनिटांनी ५८ टक्के श्रम वाचत होते, एका दिवसाने ३४ टक्के आणि महिन्याने २१ टक्के. डोळ्यांदेखत झालेली चोरी निरर्थक अक्षरांइतकी भराभर पुसली जात नाही, पण घसरणीची तऱ्हा तीच: आधी झपाट्याने, मग सावकाश. तपशिलांचा मोठा वाटा पहिल्या रात्रीच जातो.

पण नुसतं विसरणं ही त्यातल्या त्यात साधी अडचण. विसरलेला माणूस ‘आठवत नाही’ म्हणतो आणि वकील पुढच्या प्रश्नाला लागतो. पंचाईत होते ती विसरलेल्या जागी दुसरंच काही येऊन बसतं तेव्हा, कारण ते उपरं आहे असं आतून मुळीच जाणवत नाही. २८ जानेवारी १९८६ ला चॅलेंजर हे अंतराळयान कोसळलं. दुसऱ्या दिवशी सकाळी अमेरिकेतल्या एमरी विद्यापीठात उल्रिक नायसर आणि निकोल हार्श यांनी विद्यार्थ्यांकडून लिहून घेतलं: बातमी कुठे कळली, कुणी सांगितली, तेव्हा काय करत होतात. सुमारे अडीच वर्षांनी त्यांतल्या ४४ जणांना तेच प्रश्न पुन्हा दिले. ११ जणांची मुख्य उत्तरं पहिल्या कागदाशी एकाही बाबतीत जुळली नाहीत, पूर्ण जुळली ती फक्त ३ जणांची. तरी आपल्या उत्तराबद्दलची खात्री बहुतेकांना भरपूर होती. आपल्याकडे साक्ष व्हायला बहुधा यापेक्षा जास्त काळ जातो.

आता कागद कसा लिहायचा ते. साधी वही घ्या. वर तारीख आणि सुरू केल्याची वेळ, शेवटी संपल्याची वेळ आणि सही. फोनमधल्या नोंदीला पुढे कधी हात लागला की ‘शेवटचा बदल’ म्हणून नवी तारीख पडते आणि मूळ कधी लिहिलं ते सांगणं अवघड होतं. फोनवरच लिहायचं असेल तर लगेच स्वतःला ईमेल करा, वेळ गोठते.

लिहिण्याआधी दोन मिनिटं शांत बसा. त्या फुटपाथवर परत जा: हातात काय होतं, कुठून कुठे निघाला होतात, उकडत होतं की पाऊस होता, कसला आवाज चालू होता. हे मन रमवण्यासाठी नाही. रोनाल्ड फिशर आणि एडवर्ड गाइझेलमन यांनी १९८० च्या दशकात साक्षीदारांकडून माहिती काढण्याची जी पद्धत बसवली, तिची ही पहिली पायरी. दुसरी पायरी म्हणजे क्षुल्लक वाटलं तरी गाळायचं नाही. मग तिसरी: एकदा सुरुवातीपासून शेवटापर्यंत लिहून झालं की उलट्या दिशेने या. मोटरसायकल वळणावर दिसेनाशी झाली, त्याआधी काय, त्याआधी काय. सरळ सांगताना ‘मंगळसूत्र चोरताना असंच होतं’ हा डोक्यातला ठरीव साचा मधल्या जागा भरत जातो. उलटं येताना तो साचा लागू पडत नाही. या फेरीत नवं सुचेल ते मूळ मजकुरात घुसडू नका, खाली वेगळं लिहा. त्याच पद्धतीत ‘दुसऱ्या कुणाच्या नजरेतून प्रसंग पाहा’ अशी चौथी पायरीही आहे. ती मी एकट्याने करायला सांगत नाही, कारण तिथे आठवण संपून कल्पना कधी सुरू झाली ते कळत नाही.

यानंतरचं काम बहुतेक जण टाळतात आणि तिथेच फसतात. प्रत्येक वाक्यापुढे समासात एक अक्षर टाका: पाहिलं असेल तर ‘पा’, ऐकलं असेल तर ‘ऐ’, नंतर कळलं असेल तर ‘क’. ‘मागे बसलेल्याने हात घालून मंगळसूत्र ओढलं’ या वाक्यापुढे काय येईल? इथे थांबा. ओरडा ऐकून तुम्ही मान वळवली, की मान आधीच तिकडे होती? मान ओरड्याने वळली असेल तर हात गळ्याकडे जाताना तुम्हाला दिसणं शक्यच नाही. तुम्ही पाहिलंत ते गळा धरून उभ्या बाई आणि वेग घेणारी मोटरसायकल. हिसका मनाने मागाहून जोडला. चोरी झाली हे खरं, ती याच दोघांनी केली हेही बहुधा खरं, पण ‘ओढताना पाहिलं’ हे तुमच्यापुरतं खरं नाही. आज हे नीट लिहिलंत तर साक्ष लहान होईल पण टिकेल. नाही लिहिलंत तर चार वर्षांनी बचावाचा वकील तुम्हाला नकाशावर उभं करून विचारेल, “तोंड कोणत्या दिशेला होतं?” आणि मग सगळीच साक्ष डळमळेल.

वेळ घड्याळाच्या आकड्यात लिहिण्यापेक्षा ती कशावरून सांगता ते लिहा. दुकानात यूपीआयने पैसे दिल्याचा संदेश, आलेला फोन, सुटलेली बस. फोनच्या यादीतले जुने कॉल कालांतराने निघून जातात, म्हणून आजच पाहून आकडा उतरवा. प्रकार किती वेळ चालला याचा अंदाज तर बहुतेकांचा हटकून जास्त निघतो. ‘दोन मिनिटं’ लिहू नका. त्या अवधीत काय काय झालं ते लिहा, अवधी त्यावरून निघेल.

अंतर फुटांत सांगू नका. ‘मी इस्त्रीवाल्याच्या टपरीपाशी, त्या दुसऱ्या विजेच्या खांबापलीकडे’ असं लिहा. खांब उद्याही तिथेच असतील, मोजायचं ते पंचनाम्यात मोजतील. उजेड कसला होता हेही हवं. सोडियमच्या पिवळ्या दिव्याखाली रंग ओळखण्यात माणूस सहज फसतो, मरून तपकिरी दिसतो आणि गडद निळा काळा. एलईडीच्या पांढऱ्या उजेडात तितका घोटाळा होत नाही. तेव्हा ‘काळा शर्ट’ एवढंच न लिहिता ‘पिवळ्या दिव्याखाली काळा वाटला’ लिहा. आणि मोटरसायकलवर बसलेल्या माणसाची उंची? ती कुणालाच सांगता येत नाही. तरी पुष्कळ जबाबांत ती असते, त्याकडे येतोच.

न दिसलेलंही लिहा. कागद काहीसा असा व्हावा: “चालवणाऱ्याने हेल्मेट घातलं होतं, चेहरा दिसला नाही. मागचा बोडका. नाकापासून खाली रुमाल. कपाळ आणि डोळे दिसले, तेही गाडी वळताना बाजूने. शर्ट चौकड्यांचा, रंग नक्की नाही. गाडी काळी, कंपनी माहीत नाही. नंबरात शेवटी ७ होता असं वाटतं, खात्री नाही. बाई ‘अगं आई गं’ ओरडल्या, हे ऐकलं.” चूक झाली तर खोडरबर वापरू नका. एक रेघ मारा, मूळ शब्द वाचता आला पाहिजे. पुढे सुवाच्य प्रत काढून पहिला कागद टाकून देण्याचा मोह अजिबात नको.

हे होईपर्यंत दुसऱ्या साक्षीदारांशी बोलू नका. फियोना गॅबर्ट आणि सहकाऱ्यांच्या २००३ मधल्या प्रयोगात जोडीतल्या दोघांना एकाच घटनेची दोन वेगळ्या कोनांतून घेतलेली चित्रफीत दाखवली, पण आपण एकच फीत पाहिली असा त्यांचा समज होता. आपसात चर्चा झालेल्यांपैकी ७१ टक्के लोकांनी नंतर असं काहीतरी सांगितलं जे फक्त जोडीदाराच्या फितीत होतं. चौकात जमलेल्या घोळक्यात पाच मिनिटांत होतं ते हेच. कुणीतरी ‘पल्सर होती’ म्हणतो आणि दुसऱ्या दिवशी चार जबाबांत पल्सर येते. सोसायटीच्या ग्रुपवर फिरणाऱ्या सीसीटीव्हीच्या क्लिपचंही तसंच. ती पाहण्यात गैर काही नाही, पण आधी कागद. पाहिलीत तर केव्हा पाहिली ते त्याच पानाखाली नोंदवा.

प्रश्नाच्या शब्दांनीसुद्धा आठवण वाकते. एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी १९७४ मध्ये अपघाताच्या फिल्म दाखवून गाड्यांचा वेग विचारला. गाड्या ‘आदळल्या’ तेव्हा, असं विचारल्यावर सरासरी उत्तर ताशी ४०.८ मैल आलं, नुसतं ‘एकमेकींना लागल्या’ म्हटल्यावर ३१.८. दुसऱ्या प्रयोगात आठवड्याने विचारलं, फुटलेली काच पाहिली का? ‘आदळल्या’ ऐकलेल्या ५० पैकी १६ जण हो म्हणाले, साधं ‘धडकल्या’ ऐकलेल्या ५० पैकी ७. फिल्ममध्ये काच फुटलीच नव्हती. म्हणून उद्या ठाण्यात “चाकू किती मोठा होता?” असा प्रश्न आला आणि तुम्ही चाकू पाहिला नसेल, तर मापाच्या विचारात शिरू नका. चाकू पाहिला नाही, एवढंच सांगा.

जबाब. तुम्ही बोलता तसा तो उतरत नाही. हवालदार त्याला कागदोपत्री भाषेत बसवतात: “समक्ष विचारलेवरून जबाब देतो की”, मग “सदर इसम अंगाने सडपातळ, रंगाने सावळा, उंची अंदाजे ५ फूट ५ इंच, वय अंदाजे २५ ते ३०”. यात लबाडीच असते असं नाही. हातांना वळण पडलेलं असतं, आणि रात्रपाळीत दहा जबाब लिहायचे असतात. पण ही उंची तुम्ही दिलेली नसते. सगळ्यात महागात पडणारं वाक्य शेवटी येतं: “सदर इसमांना पुन्हा पाहिल्यास मी ओळखू शकेन.” हे न विचारता टाईप होतं. कागदावर ‘रुमाल, फक्त डोळे दिसले’ असं लिहिणाऱ्याने हे वाक्य काढून घ्यायलाच हवं. पडद्यावर किंवा प्रिंटवर स्वतः वाचा, दुरुस्त्या सांगा, नम्रपणे पण सांगाच. मागाहून ‘वाचून पाहिला, बरोबर आहे’ हे वाक्यही त्यात असतंच.

पोलिसांपुढचा हा जबाब १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८० खाली घेतला जातो, जुन्या संहितेत तो १६१ होता. लेखी घेतला तरी त्यावर साक्षीदाराची सही घ्यायची नसते, हे कलम १८१ मध्ये आहे. तो स्वतः पुरावा नसतो. बचाव पक्ष तुम्हाला खोडण्यासाठी मात्र तो वापरू शकतो. गंमत अशी की त्याची प्रत आरोपीला दोषारोपपत्रासोबत मिळते, साध्या साक्षीदाराला आपोआप मिळत नाही. उलटतपास घेणाऱ्याच्या हातात तुमचे शब्द असतात आणि तुम्ही रिकाम्या हातांनी उभे. आजचा कागद त्यासाठीही हवा. तो लिहिल्याचं तपासी अंमलदारांना सांगा आणि त्यातलं महत्त्वाचं सगळं जबाबात येतंय ना ते ताडून पाहा. जबाबात नसलेली ठळक गोष्ट कोर्टात पहिल्यांदा सांगितली की तो ‘लोप’ ठरतो, आणि महत्त्वाचा लोप विसंगतीच्या पंगतीत बसतो.

आता ओळखपरेड. मुंबई उच्च न्यायालयाच्या क्रिमिनल मॅन्युअलमध्ये तिचे नियम आहेत. ती कार्यकारी दंडाधिकाऱ्यांनी घ्यायची, पोलिसांनी तिथे थांबायचं नाही, एका संशयितामागे निदान सहा सारख्या दिसणाऱ्या व्यक्ती रांगेत हव्यात, दोघे असतील तर दहा-बारा. रांगेसमोर सगळ्यांचं एकच चुकतं. ‘यांतला कोण?’ असं मनाशी विचारून ते वजाबाकी करत जातात आणि सर्वांत जवळच्या चेहऱ्यावर हात ठेवतात. प्रश्न ‘तो यांत आहे का?’ असा आहे, आणि ‘नाही’ हे पूर्ण उत्तर आहे. हात ठेवलात तर त्याच क्षणी किती खात्री वाटते ते आपल्या शब्दांत सांगा आणि पंचनाम्यात लिहायला सांगा. त्याआधी ठाण्यात, फोटोत किंवा बातमीत तो चेहरा दाखवला गेला असेल तर दंडाधिकाऱ्यांना आधीच सांगा. तसं झालं असेल तर घटनेतला चेहरा आणि फोटोतला चेहरा पुढे वेगळे काढता येत नाहीत.

परेडनंतर ‘बरोबर ओळखलंत’ असं कुणी पाठ थोपटली तर ते मनावर घेऊ नका. त्या शाबासकीने खात्री वाढते, आठवण नाही. अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायनातल्या बर्लिंग्टनमध्ये १९८४ मध्ये बलात्काराच्या एका प्रकरणात रोनाल्ड कॉटन याला पीडितेने आधी फोटोंत आणि मग रांगेत ओळखलं. दोन्हींत आलेला तो एकटाच होता, आणि तिची निवड योग्य असल्याचं तिला नंतर कळू दिलं गेलं. कोर्टात तिची खात्री पक्की होती. खरा गुन्हेगार पुढे कोर्टात समोर आणला तेव्हा तिला तो ओळखीचाही वाटला नाही. कॉटन दहा वर्षांहून जास्त तुरुंगात राहिला आणि १९९५ मध्ये डीएनए तपासणीने सुटला. ती खोटं बोलत नव्हती.

पंच म्हणून बोलावलं तर गोष्ट थोडी सोपी, कारण पंचनाम्यावर तुमची सही असते आणि साक्षीत तो पाहून स्मृती ताजी करता येते. अट एकच, सही करण्याआधी वाचलेला असावा. मुद्देमालाच्या पाकिटावर लाखेचं सील आणि तुमच्या सहीचं लेबल तुमच्यासमोर लागलं का, एवढं पाहून घरी नोंदवा. झडती-जप्तीचं चित्रीकरण आता नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ नुसार करावंच लागतं, तरी पंचाला विचारायचं ते विचारतातच.

साक्षीची तारीख आली की मधल्या वर्षांत लोकांना रंगवून सांगितलेली गोष्ट बाजूला ठेवा. दर वेळी सांगताना ती थोडी गुळगुळीत झालेली असते. आदल्या दिवशी मूळ कागद एकदा वाचा. कोर्टात तो पाहायचा असेल तर भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम १६२ (जुनं १५९) परवानगी देतं: घटनेच्या वेळी किंवा आठवण ताजी असताना स्वतः लिहिलेला मजकूर साक्षीदार पाहू शकतो. मात्र तो पाहिलात की कलम १६४ नुसार तो विरुद्ध पक्षालाही दाखवावा लागतो आणि त्यावर उलटतपास होतो. म्हणून कागदात राग, तर्क, शेजाऱ्यांची उणीदुणी असं काही नको. “साक्षीआधी काही वाचलंत का, कुणी जबाब वाचून दाखवला का?” हा प्रश्न हमखास येतो. जे झालं ते सांगा.

एखादी गोष्ट कागदात आहे पण आता मनात नाही, असंही होईल. तेव्हा आठवल्याचं नाटक करू नका. “आता आठवत नाही, पण त्याच रात्री मी लिहिलं आहे आणि ते बरोबर लिहिलं होतं” हे कायद्याला चालणारं उत्तर आहे, कलम १६३ त्यासाठीच आहे. आठवत नसताना ‘पक्कं आठवतं’ म्हणणं हे मात्र जे स्वतःला खरं वाटत नाही ते शपथेवर सांगणं झालं, आणि खोट्या साक्षीची व्याख्या तिथपर्यंत पोचते. प्रामाणिक चूक त्या व्याख्येत येत नाही, तिची धास्ती घेऊ नका. सर्वोच्च न्यायालयाने १९८३ मध्ये ‘भरवाडा भोगिनभाई हिरजीभाई विरुद्ध गुजरात राज्य’ या निकालात म्हटलंच आहे की साक्षीदाराकडून छायाचित्रासारख्या स्मृतीची अपेक्षा करता येत नाही, वेळेचे आणि अवधीचे अंदाज माणसामाणसागणिक बदलतात, आणि कोर्टाच्या वातावरणाने खरा साक्षीदारही बावचळतो. किरकोळ फरकांनी साक्ष पडत नाही. सरकारी वकिलांनाही ‘आठवत नाही’ची भीती नसते. जबाबातली प्रत्येक ठळक गोष्ट तुम्ही सोयीस्कर विसरताय असं दिसलं तरच ते तुम्हाला फितूर घोषित करायला सांगतात.

‘नव्हतं’, ‘पाहिलं नाही’ आणि ‘आठवत नाही’ ही तीन वेगळी उत्तरं आहेत. “मागे बसलेल्याच्या खांद्याला सॅक होती का?” याला तुमच्या बाजूने खांदा दिसतच नसेल तर दुसरं उत्तर खरं, पहिलं नव्हे. दोन प्रश्न एकात गुंफून आले, जसं “तुम्ही घाबरला होतात म्हणून चेहरा नीट पाहिला नाही, हे खरं ना?”, तर सुटे करून विचारायला सांगा. जबाबात एखादी बाब का नाही असं विचारलं तर ‘मी सांगितली होती, का लिहिली नाही याचं कारण मला सांगता येणार नाही’ एवढं पुरे, मात्र खरोखर सांगितली असेल तरच. साक्ष संपल्यावर टाईप झालेला मजकूर वाचायला मिळतो. तिथे ‘सॅक पाहिली नाही’च्या जागी ‘सॅक नव्हती’ पडलं असेल तर सही करण्याआधी न्यायाधीशांच्या लक्षात आणून द्या. दुरुस्ती तिथल्या तिथे होते.